उस्तानींची हजेरी

आमच्या शाळेत सगळ्या वर्गांची हजेरी सकाळी उरकायची, उस्तानींच्या वर्गाची शाळा सुटेपर्यंत चालायची. नाव पुकारल्यावर पोरीनं ओ दिली तर ठीक. नाही दिली तर उस्तानी त्या रकान्यात काहीच लिहायच्या नाहीत. मधल्या सुट्टीत पुन्हा विचारायच्या, शिवणाच्या तासाला पुन्हा, आणि तरी पत्ता नसला की आयाला त्या पोरीच्या घरी पिटाळायच्या. एकदा शेवटच्या घंटेच्या जरा आधी शहागंजातली एक पोरगी धापा टाकत आली. घरी धाकट्या भावाला सांभाळायला कुणी नव्हतं म्हणे. उस्तानींनी तिला हजर मांडलं. मी म्हटलं, "अहो, शिकली काय ती आज?" तर म्हणाल्या, "आयी ना बाई? फिर? आयी सो कू आयी बोलना."

त्या रिकाम्या रकान्यांवरून तपासनीस साहेबांनी त्यांना एकदा चांगलंच धारेवर धरलं होतं. सगळे शिक्षक खाली माना घालून उभे, आणि उस्तानी चष्म्याची दोरी सारखी करत म्हणाल्या, "साहब, दिन अभी बाकी है."  साहेबांनी चहा मागवला आणि विषय तिथंच राहिला.

माझी त्यांची ओळख पोलीस ॲक्शननंतरची. त्या जुन्या उर्दू शाळेत गणित आणि शिवण शिकवायच्या, मी जालन्याहून आलेली मराठीची नवी बाई. शाळेची भाषा बदलली, पाट्या बदलल्या, प्रार्थनाही बदलली. ॲक्शनच्या आधी आमच्या घराची दारं दिवेलागणीला लागायची, नंतर त्यांच्या बेगमपुऱ्यातली लागायला लागली. त्यावर आम्ही दोघी कधीच बोललो नाही. मला हुकूम झाला की या बाईंना मराठी शिकवा, परीक्षा पास झाल्या तर नोकरी राहील.

तर मधल्या सुट्टीत आम्ही पाटी घेऊन बसायचो. उस्तानी उंच, काटकुळ्या, पन्नाशीकडं झुकलेल्या, आणि दोन्ही हातांत कोपरापर्यंत हिरव्या काचेच्या बांगड्या. त्यांचा वर्ग त्या आवाजावरूनच गप्प व्हायचा. अक्षर काढायला पाटीच्या उजव्या काठापासून सुरुवात करायच्या, मग लक्षात आलं की जीभ चावायच्या. "इस उमर में जबान बदलना बोले तो बाई, चलते टांगे का घोडा बदलना," म्हणायच्या, आणि पुन्हा डावीकडून सुरू. शाळेतून घरी जाताना गुलमंडीपर्यंतच्या दुकानांच्या पाट्या वाचत जायच्या. न्हाव्याची पाटी वाचली, की दुसऱ्या दिवशी मला सांगायच्या. बेरजेतला 'हातचा' हा शब्द तर त्यांना फारच आवडला. "हमारे में हासिल बोलते. हातचा अच्छा है. हात में है सो, अपना है सो." पोरींना मग दिवसभर तेच, हातचा भूलना नको, हातचा भूलना नको.

त्यांचं घर बेगमपुऱ्यात होतं, दोन खोल्या आणि पुढं फरसबंद अंगण. वडील हिमरूचं नक्षीदार कापड विणणारे कारागीर. त्यांनी हयातभर माग चालवून ते घर बांधलं आणि लाडाकोडानं जावयाच्या नावावर केलं. पुढच्या खोलीत मागाचा खड्डा तसाच होता. विणणारा त्यात पाय सोडून बसतो, तसा. माग कधीच गेला होता. उस्तानी त्या खड्ड्यात पाय सोडून शिवायला बसायच्या. "अब्बा बैठते थे इधर," एवढंच म्हणायच्या. मी गेले की मला काठावर बसवायच्या आणि सासूबाईंना मोठ्यानं सांगायच्या, "अम्मा, मराठीवाली बाई आयी."

सासू आंधळ्या होत्या. कोपऱ्यात बाजेवर बसून तसबीहची माळ ओढायच्या. सून घरात कुठं आहे ते त्यांना बांगड्यांवरून कळायचं. उस्तानी जरा स्वस्थ बसल्या की त्या हाक मारायच्या, "कां है गे?" आणि उस्तानी तोंडानं उत्तर न देता हात हलवायच्या. किण्‌किण्‌ ऐकलं की म्हातारीचं समाधान व्हायचं.

नवरा करीमुद्दीन, पाण्याच्या खात्यात कारकून. ॲक्शननंतर नोकरी गेली. मुंबईला जातो, काम बघतो, मग दोघींना बोलावतो, असं सांगून एका पहाटे निघून गेला. त्यानंतर त्याचा ना निरोप, ना ठिकाणा. "मर्द है, शरम आती होगी. खाली हात कैसा आना?" उस्तानी म्हणायच्या. त्यांना खरंच तसं वाटत होतं. मला वाटत नव्हतं, पण ते बोलण्याची माझी प्राज्ञा नव्हती.

एके दिवशी त्यांच्या दाराला सरकारी नोटीस लागली. घराचा मालक देश सोडून पाकिस्तानात गेलेला आहे, तेव्हा हे घर सरकारच्या ताब्यात जाईल. कुणाला हरकत असेल तर अर्ज करावा. दुसऱ्या दिवशी उस्तानी शाळेत आल्या त्या हसतच. "बाई, अंदर बैठ के मैं पढी, घरवाले चले गए बोल के! मैं तो इधरीच हूँ ना? फिर गया कौन?" पण पाटीवर अक्षर काढताना त्यांच्या बांगड्या सारख्या वाजत होत्या.

अर्ज केला तो बाबाराव वकिलांनी. आमच्याच गल्लीतले, जुने उर्दूत शिकलेले, तोंडात कायम सुपारी. शब्दाला पक्का माणूस. अर्ज साधा होता. घर बायकोच्या बापानं बांधलेलं, बायको आणि सासू त्यात राहतात, आणि मालक कुठं देशाबाहेर गेलेला नाही, मुंबईला कामाच्या शोधात आहे. उस्तानींनी त्यावर सही केली ती मराठीत, आयुष्यातली पहिली. मला बोलावून दाखवली होती.

अदालत रोडवरच्या त्या कचेरीत मग तारखा सुरू झाल्या. तारीख असली की उस्तानी शिपायाच्या आधी बाकावर. नाव पुकारलं की चटकन उठायच्या आणि शाळेतल्या पोरींसारखं म्हणायच्या, "हाजिर जनाब!" लोक हसायचे. साहेबही एकदा हसले. ते काही वाईट नव्हते, हे मला सांगितलं पाहिजे. त्यांनीच एका तारखेला म्हटलं, "पुढच्या वेळी बाईंनी जातीनं यावं, शपथेवर सांगावं की नवरा मुंबईत आहे, शाळेतलं कुणी ओळखीला आणावं. मग मी निकाल देतो." बाबाराव बाहेर येऊन म्हणाले, "घर वाचलं म्हणून समजा." उस्तानींनी त्या दिवशी शाळेत रेवड्या वाटल्या.

आणि त्याच पंधरवड्यात छावणीतल्या कुणाकडं कराचीहून माणूस आला. त्यानं सांगितलं, करीमुद्दीन गेला. तापानं गेला, तिथंच माती दिली. मुंबईहून तो आधीच जहाजानं पलीकडं पोचला होता. बायकोला सांगायचीसुद्धा त्याला गरज वाटली नव्हती.

उस्तानी शाळेत आल्या नाहीत म्हणून मी संध्याकाळी गेले. त्या मागाच्या खड्ड्यात पाय सोडून बसल्या होत्या. पांढरी ओढणी, आणि मनगटं उघडी. दोन्ही हातांवर बांगड्यांचे फिके वळ राहिले होते. मी काही विचारायच्या आत त्यांनी ओठांवर बोट ठेवलं आणि बाजेकडं पाहिलं. म्हातारी जागी होती. उस्तानी मला अंगणात घेऊन गेल्या आणि कानाला लागून सगळं सांगितलं. "अम्मा कू नको बोलना. मर जायेगी. मैं इद्दत में बैठी." नवरा गेल्यावर बाईनं चार महिने दहा दिवस घरात बसायचं असतं, बाहेर जायचं नाही, नटायचं नाही, हे मला तेव्हा कळलं. तारीख त्याच दिवसांत येत होती.

आंधळ्या सासूला न सांगता बांगड्या काढायच्या म्हणजे तिच्या कानांतलं घरच काढून घ्यायचं. मी म्हटलं, "त्या विचारतील ना हो?" उस्तानी म्हणाल्या, "पूछी नहीं. सबेरे से आवाज नहीं दी मेरेकू." त्यानंतरही म्हातारीनं कधी विचारलं नाही. "कां है गे?" ही हाक मात्र त्या घरातून बंद झाली.

बाबाराव वकील हबकलेच. दोनदा घरी आले, अंगणात उभे राहून खालच्या आवाजात बोलले. "बाई, कराची कुठं अन अदालत रोड कुठं? कुनाला कळनार हाय? बुरखा घाला, टांग्यात बसा, एक शब्द बोला, परत या. मौलवीसाब बी म्हनले, दिवसा जरुरीपुरतं बाहेर पडाया हरकत नाय." उस्तानींनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "सोचती हूँ." बाबारावांनी तोच होकार धरला.

तारखेच्या दिवशी मी शाळेतून रजा घेऊन कचेरीत गेले, ओळखीसाठी. बाक रिकामा होता. शिपायानं दारात उभं राहून उस्तानींचं नाव पुकारलं, "जुलेखा बी, जौजे करीमुद्दीन, हाजिर है?" एकदा, दोनदा, तीनदा. व्हरांड्यातली माणसं इकडंतिकडं बघायला लागली. बाबारावांनी मुदत मागितली. साहेबांनी कारण विचारलं. बाबाराव सुपारी चघळायचे थांबले. कारण सांगितलं तर नवरा कराचीला गेल्याचं उघड होऊन अर्जच मेला, आणि दुसरं सांगायला त्यांची जीभ रेटेना. "तब्येत," असं काहीतरी पुटपुटले. साहेब म्हणाले, "बाई रोज शाळेत जातात ना? मागच्या वेळी मी स्पष्ट सांगितलं होतं." आणि त्यांनी टाक उचलला.

मी कधी परक्या पुरुषांसमोर मोठ्यानं बोललेली नाही, पण त्या दिवशी उभी राहिले आणि म्हणाले, "साहेब, दिवस अजून बाकी आहे." सगळी कचेरी माझ्याकडं बघायला लागली. साहेबांनी माझ्याकडं पाहिलं, मग घड्याळाकडं. "बरं. हे प्रकरण सगळ्यात शेवटी घेतो. उठायच्या आत आणा त्यांना."

टांगेवाल्याला मी काय काय बोलले असेन देव जाणे. पाणचक्कीवरून बेगमपुऱ्यात पोचेपर्यंत घोडा फेसाळला होता. उस्तानी खड्ड्यातच होत्या, हातात सुई. मी त्यांना हाताला धरून अंगणात ओढलं. म्हटलं, "उठा. टांगा उभाय. साहेब थांबलेत तुमच्यासाठी."

"जाके क्या बोलूँ बाई?"

"सांगा की मुंबईत आहेत. एवढंच."

"मरे सो आदमी कू बंबई में जिंदा करूँ? कसम खाके?"

"घर जाईल, उस्तानी! तुमच्या अब्बांचं घर. या म्हातारीला घेऊन कुठं जाल? तो माणूस तुम्हाला न सांगता निघून गेला, त्याच्यासाठी?"

त्यांनी हातातली सुई ओढणीला टोचून ठेवली. मग म्हणाल्या, "जिंदा था तो झूठ बोल के गया. मेरा नहीं था. अब मरा तो मेरा हुआ. उसकी बेवा मैंइच हूँ, दुसरा कोई है क्या? ये बैठना मेरा है बाई. इसकू कौन खारीज करता?"

मला त्यांचा इतका राग आला की मी टांग्याकडं पाहून रडले. आजही येतो. मी त्यांच्या पाया पडले, खरंच पडले, अंगणात, भर गल्लीकडं दार उघडं असताना. त्यांनी मला उठवलं, पदर नीट केला, आणि आत जाऊन प्यायला पाणी आणलं. टांगेवाला बाहेरून हाका मारत होता. मी म्हटलं, निदान येऊन खरं तरी सांगा, साहेब भला माणूस आहे. तर म्हणाल्या, "खरा बोली तो बी घर गया. झूठ बोली तो मैं गई. फिर बैठनाच अच्छा."

मी एकटीच परत गेले. कचेरी रिकामी होत आली होती. शिपायानं पुन्हा नाव पुकारलं, या वेळी नुसतं रीत म्हणून. साहेबांनी माझ्याकडं एकदा पाहिलं. त्यांनी लिहिलं आणि उठले. जुना कारकून बाबारावांना म्हणाला, "अदम पैरवी." मी बाहेर आल्यावर अर्थ विचारला. बाबाराव म्हणाले, "ज्याचं काम, तोच आला नाय, म्हनून काढून टाकलं. खरं का खोटं, कुनी बघितलंच नाय." आणि पायरीवर बसले. मी इथंच आहे, एवढंच सांगायला केलेला अर्ज, ती इथं नाही म्हणून गेला. त्या बाईला हा काय न्याय, असं मी देवाला पुष्कळदा विचारलं आहे.

एक वाट अजून होती. मुदतीत कारण दाखवून अर्ज दिला तर प्रकरण पुन्हा उघडतं. बाबाराव कागद तयार करून घेऊन गेले, ताप होता म्हणून. वैद्याचा दाखलाही आणला होता. मी सोबत होते. उस्तानींनी तो मराठी कागद अक्षर अक्षर लावून वाचला. 'ज्वर' शब्द त्यांना येत नव्हता, तो मला विचारला. मग कागद घडी करून बाबारावांच्या हातात दिला. "वकीलसाब, आपने बहुत किया. बुखार उनकू आया था, मेरेकू नहीं." बाबाराव पन्नास वर्षांचे गडी, घराबाहेर येऊन उपरण्यानं डोळे पुसत राहिले.

ताबा घ्यायला माणसं आली तेव्हा इद्दत संपायची होती. शाळेची आया धावत सांगायला आली, म्हणून मी पोचले. एक कारकून, दोन शिपाई, हातात कुलूप. सामान काय ते थोडंच, एक पेटी, शिवणाचं गाठोडं, भांडी. उस्तानींनी आजवर कुणाकडं काही मागितलेलं मी पाहिलं नव्हतं. त्या दिवशी त्या कारकुनासमोर हात जोडून उभ्या राहिल्या आणि मराठीत बोलल्या, मी शिकवलेल्या मराठीत. "साहेब, माझे थोडे दिवस बाकी आहेत. तेवढे बसू द्या. नंतर घर घ्या."

कारकून तरणा होता. "कशाचे दिवस, बाई?"

उस्तानींनी मागं पाहिलं. बाजेवर म्हातारी बसली होती, कान इकडं लावून.  कारकुनानं पुन्हा विचारलं, "सांगा की, कसले दिवस? काही कारण असलं तर मी वर विचारतो." मी तोंड उघडलं, तसं त्यांनी माझं मनगट असं धरलं की नखं रुतली. "कुछ नहीं," त्या म्हणाल्या. "चलो अम्मा."

जे बसणं राखायला घर सोडलं, ते बसणंही राहिलं नाही. मी पेटी उचलून टांग्यात ठेवली, दुसरं काय करणार होते? टांग्याला चादरीचा पडदा बांधला होता. उस्तानींनी म्हातारीला धरून चढवलं, मग खाली उतरल्या, पुढच्या खोलीत गेल्या आणि मागाच्या खड्ड्याच्या काठावरून हात फिरवून आल्या. शिपायानं कुलूप लावलं. त्या वर चढून बसल्या. हर्सूलला एका मळ्यात त्यांचा दूरचा भाऊ राखणीला होता, तो खोली देणार होता, एवढं मला माहीत होतं.

टांगा निघणार तेवढ्यात पडद्याआडून म्हातारीचा आवाज आला. ती हाक बंद झाल्यापासून मी त्यांना बोलताना ऐकलं नव्हतं. "कां ले जा री मेरेकू?"

मी पडद्याच्या फटीतून पाहत होते.  शपथेवर जो शब्द उस्तानींनी घर जात असतानाही उच्चारला नव्हता, तो त्या अगदी सहज बोलल्या.

"बंबई, अम्मा. उनके पास."

"अच्छा," म्हातारी म्हणाल्या. मग त्यांनी चाचपडत हात पुढं केला, सुनेचं मनगट शोधलं आणि ते उघडं मनगट दोन्ही हातांनी घट्ट धरून ठेवलं.

मुंबईच्या गाडीसाठी स्टेशनला जायचं तर पाणचक्कीकडं वळावं लागतं. टांगा दिल्ली दरवाज्याच्या अंगाला वळला आणि हर्सूलच्या रस्त्याला लागला.